सरुबाई डबा

मी एक ओळख बोलतेय. फोटो नसलेली, राखाडी गोलातली, आत एकच अक्षर: 'स'. माझं पूर्ण नाव 'सरुबाई डबा'. असं नाव कुठल्या बारशात ठेवत नाहीत. ते फोनमध्ये ठेवतात, 'राजू गॅस' आणि 'प्लंबर नवा' यांच्या मधोमध.

माझा जन्म पुण्याजवळच्या मांजरीतल्या एका काचेच्या इमारतीत झाला, चौथ्या मजल्यावर. खाली अजून थोडा ऊस उभा आहे. वर एक कंपनी आहे, माणसांना माणसांशी ऑनलाइन जोडून देणारी. तिथली एक रीत आहे. नव्या माणसानं पहिल्याच दिवशी आपल्या फोनमधले सगळे नंबर कंपनीला द्यायचे. त्याला तिथे 'आहेर' म्हणतात. मग टाळ्या होतात, पेढा मिळतो आणि भिंतीवरच्या पडद्यावर आकडा पुढे सरकतो: 'आपलं कुटुंब, अठ्ठेचाळीस लाख.'

माहिती सांभाळायच्या कामावर नव्यानं लागलेल्या पायलनं आहेर दिला, तो माझा वाढदिवस. चारशे बारा माणसं तिनं एका बोटानं देऊन टाकली. त्यातल्या एकालाही विचारलं नव्हतं. वाईट नव्हती ती. सगळेच करतात ते चुकीचं वाटायला वेळ लागतो, एवढंच.

पुढचे दिवस स्वप्नासारखे गेले. आमच्या जगात ऊन नाही, भिंती नाहीत. लाखो गोल संथ तरंगत असतात आणि त्यांच्यामधून कोळ्याच्या जाळ्यासारखे बारीक धागे फिरतात. कंपनीचं यंत्र हलकेच येऊन धागा बांधतं. मिसबाच्या फोनमध्येही मी होते, अभिनवच्याही; ऑफिसातले हे तिघे डबा पुरवणाऱ्या सरुबाईच्याच हातचं जेवायचे. मला ते धागे आवडायचे. आपण कुणाला तरी माहीत आहोत, याची एक ऊब असते.

एके दिवशी वाशिमहून धागा आला. तिथल्या एका बाईनं कंपनीच्या ॲपवर आपले नंबर दिले होते; तिच्या फोनमध्ये मी 'अक्का पुणे' होते. ती सरुबाईची धाकटी बहीण. तिच्या पलीकडे आणखी एक गोल होता, मिशीवाल्या फोटोचा: भैरू. सरुबाईचा नवरा. यंत्राला नवरा कळत नाही. हे दोघं एकमेकांना ओळखत असणार, एवढंच त्यानं ताडलं. निरोप एका बाजूला शुक्रवारी जातो, दुसऱ्या बाजूला सोमवारी. शुक्रवारी सरुबाईच्या फोनवर उमटलं: 'भैरू यांना ओळखता? या, जोडले जा!'

सोमवारी भैरूला माझं नाव दिसणार होतं. नावाखाली मांजरी, पुणे.

डबा घेऊन आलेली सरुबाई जिन्यातच बसली. पायलच्या हातातल्या फोनमध्ये मीही होते, म्हणून ऐकलं.

"माहा नंबर त्याले कोनं देल्ला वं पोरी? चार वर्षं झाली घर सोडून. पाठीवरचे वळ अजून गेले नाईत. आता इथंई येईन का तो?"

पायलला पेढ्याची चव आठवली असावी.

ती तशीच आनंदसरांच्या केबिनमध्ये गेली. कंपनी त्यांची. साठीचे आहेत, सगळ्यांना 'बाळ' म्हणतात.

"सर, डबेवाल्या सरुबाईची माहिती पुसायची आहे. नवा कायदाही तेच म्हणतो, माणसानं मागितलं की पुसायचं."

"तो पूर्ण लागू व्हायला अजून मुदत आहे, बाळ. तूर्त लपवून ठेव तिला. पुसलं की आकडा खाली येतो. आणि आपण कुटुंब आहोत. कुटुंबातून असं कुणाला काढून टाकतात का?"

"सर, ती कुटुंबातूनच निघून आली आहे."

"तू फार भावनिक होतेस."

"आणि तुम्ही फार निवांत."

मोठी माणसं 'मुदत आहे' असं किती शांतपणे म्हणतात! मुदत त्यांची असते, सोमवार दुसऱ्या कुणाचा तरी असतो.

पायलनं मला लपवलं नाही, पुसलंच. पाण्यात साखर विरघळावी तशी मी विरघळले, आणि तासाभरानं पुन्हा होते तिथेच तरंगत होते. तिनं पुन्हा पुसलं. मी पुन्हा उगवले. ज्या ज्या आहेरांतून मी आले, ते सगळे कंपनीत तसेच पडून होते. यंत्र त्यांतून मला परत घडवत होतं. हे कळल्यावर पायलनं स्वतःचा आहेर मागे घेतला. भिंतीवरचा आकडा घसरला, चार माना वळल्या. पाठोपाठ मिसबानं घेतला. अभिनव मात्र कुरकुरला.

"पुढच्या महिन्यात माझं अप्रेझल आहे गं. आहेर काढला तर ग्रेड गेलीच समज."

पायलनं हे सरुबाईला फोनवर सांगितलं. पलीकडून लगेच उत्तर आलं.

"त्याले सांग, डबा बंद."

अभिनवनं दहा मिनिटांत आहेर काढून घेतला. कायद्यापेक्षा भरल्या वांग्याचा धाक मोठा निघाला. वाशिमच्या बहिणीला सरुबाईनं स्वतः फोन केला. बहीण रडली, आणि पायल सांगेल ती बटणं दाबत गेली.

एकेक धागा सुटत गेला. मला वाटलं होतं, भीती वाटेल. पण हलकं वाटलं, उशीवर डोकं टेकल्यासारखं.

आज रविवार आहे. पायल लॅपटॉप घेऊन सरुबाईच्या खोलीत बसली आहे. उद्या ऑफिसात तिला काय ऐकावं लागेल, नोकरी राहील की नाही, ते पाहायला मी नसेन. तुमच्याही फोनमध्ये माझ्यासारख्या कितीतरी जणी आहेत, त्यांच्या कामाच्या नावानं ठेवलेल्या. त्यांना कुठे देऊन टाकण्याआधी एक फोन लावा. तेवढ्यासाठीच तर त्यांनी तुम्हाला नंबर दिलाय.

"मावशी, हे पुसायचं शेवटचं बटण तुम्हीच दाबा," पायल म्हणते आहे.

सरुबाई कणीक मळत होती. ती बोट पदराला पुसते, तरी थोडं पीठ राहतंच. इतके दिवस मी तिचं नाव मिरवलं, तिचा नंबर सांभाळला, पण ती मला कधी भेटली नव्हती. आता तिचं बोट जवळ येतंय. माझ्या आयुष्यात तिला विचारून झालेली ही पहिलीच गोष्ट.

दाब, सरुबाई.