ट्रेगार्थनसाहेबांचे कान

साक्षीदार मुनियम्मानं उत्तर दिलं आणि जज्ज ट्रेगार्थन यांचा टाक अडला. तिचे ओठ हलले होते. दुभाष्या कंदैयाचेही हलले. पण साहेबांपर्यंत पोहोचली ती नुसती गुणगुण. बचावाच्या वकिलाचा प्रश्न तेवढा कळला होता. त्या पहाटे मुकादमाच्या खोलीतून पळालेला माणूस लंगडत होता का?

आरोपी पेरुमाळ लंगडा होता. रबराच्या मळ्यावरच्या मुकादमाचा खून त्यानं केला असं सरकारचं म्हणणं होतं, आणि खुनाला शिक्षा एकच होती.

सगळं कोर्ट साहेबांच्या टाकाकडे बघत थांबलं. जज्ज स्वतःच्या हातानं लिहील तोच पुरावा. अपिलातही तेवढाच वाचला जायचा. मुनियम्मानं मान हलवली होती खरी, पण ती होकाराची की नकाराची, हे मलायात चोवीस वर्षं काढूनही साहेबांना सांगता आलं नसतं. त्यांनी लिहिलं, 'लंगडत होता.' आणि म्हणाले, "पुढे चला."

कान क्विनाइननं गेले होते. क्वाला लिपिसला मॅजिस्ट्रेट असताना दोन वर्षं ताप पाठ सोडत नव्हता, तेव्हा गोळ्या खाऊन खाऊन. आधी पाखरं ऐकू येईनाशी झाली, मग घड्याळ, मग माणसांच्या वाक्यांची शेवटची टोकं. हे ठाऊक होतं फक्त त्यांच्या बायकोला, विनीला. ती रोज विणकाम घेऊन कोर्टात मागच्या बाकावर बसायची आणि संध्याकाळी घरी त्यांचं राहिलेलं भरून द्यायची. क्लबातल्या बायका हसायच्या, 'विनी नवऱ्यावर पहारा ठेवते.' आज मात्र ती तापानं फणफणून घरी पडली होती.

साहेब चारलाच घरी आले.

"आज काय राहिलं?" तिनं उशीवरून मोठ्यानं विचारलं.

"एकच ओळ." त्यांनी सांगितली.

विनी ताडकन उठून बसली. "आणि तू मनानंच लिहून मोकळा झालास?"

"लंगडतच असेल गं. बाकीचा पुरावाही तसाच आहे."

"असेल? अरे, कंदैयाला बोलाव आणि विचार."

"त्याला कळलं की गावाला कळलं. मग मेडिकल बोर्ड. मग हकालपट्टी. पेन्शनला आठच महिने राहिलेत, विनी. आठ महिने कसेतरी निघाले की…"

"पेरुमाळचे किती राहिलेत?"

हे ती हळू म्हणाली होती. त्यांना ते ओठांवरून कळलं.

सकाळी साहेब कोर्टात येऊन बसले. खुर्चीचे हात घट्ट धरून ते म्हणाले, "मुनियम्माला परत बोलवा."

सरकारी वकील उठला. "कारण कळेल का, माय लॉर्ड?"

फाशी सुनावताना न कापलेला आवाज आता कापला. "तिचं उत्तर मला ऐकू आलं नव्हतं. मी अंदाजानं लिहिलं."

कोर्ट चिडीचूप झालं असावं. साहेबांना ते रोजच्यासारखंच वाटलं.

मुनियम्माला त्यांच्या खुर्चीजवळ आणून उभं केलं. तिनं त्यांना खालून वर न्याहाळलं आणि तमिळमध्ये कंदैयाला काहीतरी विचारलं. कंदैया घुटमळला. पण साक्षीदाराचा शब्द न् शब्द सांगायची त्यानं शपथ घेतलेली. तो ओरडून म्हणाला, "साहेब, ती विचारतेय, हा म्हातारा बहिरा आहे का?"

"हो म्हणून सांगा तिला."

म्हातारीचा चेहरा निवळला. दोन्ही हातांचा कर्णा करून ती त्यांच्या कानाशी किंचाळली. कंदैयाही किंचाळला, "लंगडत नव्हता! हरणासारखा पळाला!"

साहेबांनी कालची ओळ खोडली, खाली बरोबर लिहिलं आणि दोन्हीकडे सही केली. दुपारी पेरुमाळ सुटला. एक पाय ओढत तो दाराबाहेर गेला, तेव्हा त्यानं साहेबांकडे पाहिलंसुद्धा नाही.

आठवड्यात मेडिकल बोर्डाचा हुकूम आला. त्याचं साहेबांना आता काही वाटेना. दुसऱ्याच भीतीनं त्यांचं जेवण सुटलं होतं. त्यांनी जुन्या वह्या काढल्या.

"विनी, तू दातांसाठी पिनांगला गेली होतीस, ते कधी?"

तिनं विणकाम खाली ठेवलं. "गेल्याच्या मागच्या वर्षी, मार्चमध्ये. पाच आठवडे."

त्या पाच आठवड्यांत खुनाचे दोन खटले झाले होते, दोन्हींत फाशी. सुलेमान नावाचा नावाडी आणि टिनच्या खाणीतला एक मजूर, लियाव. वहीत कुठेही जागा सुटलेली नव्हती. अक्षर ठसठशीत होतं. त्यातलं ऐकलेलं कुठलं आणि अंदाजाचं कुठलं, हे साहेबांना काही केल्या आठवेना. त्यांनी वरिष्ठांना सगळं कळवलं. उत्तर दोन ओळींचं आलं, शिक्षा अंमलात आल्या असल्यामुळे फेरतपासणीचा प्रश्न उद्भवत नाही.

मायदेशी परतायच्या बोटीच्या आदल्या दिवशी दोघं तुरुंगात गेली. सुपरिंटेंडेंटनं त्यांना मागच्या भिंतीशी नेलं, फाशी गेलेल्यांना पुरत तिथे. गवत नुकतंच कापलेलं होतं. त्यात लाकडी खुंट्या होत्या, प्रत्येकीवर एक आकडा. नावं नव्हती.

"एकतीस आणि बत्तीस," त्यानं बोटानं दाखवलं.

साहेबांनी हॅट काढली. ऊन टाळूवर येईपर्यंत ते तसेच उभे राहिले. सुपरिंटेंडेंट दोनदा म्हणाला, "साहेब, ऊन लागेल. सावलीत या."

तिसऱ्यांदा सांगण्यासाठी तो त्यांच्या कानाशी वाकला, तेव्हा विनीनं त्याची बाही धरून त्याला मागे ओढलं.