पुढचं वाक्य

"आणखी काही सांगण्यासारखं?" किंब्रोनं वहीचं पान उलटत विचारलं.

कर्टिस व्हॅन्डरमीर लगेच बोलला नाही. गप्प राहिलं की समोरचा पेन उचलतो, हे त्याला तीस वर्षांच्या वकिलीनं शिकवलं होतं. किंब्रोनं पेन उचललं.

किंब्रो निवृत्त पोलीस होता. आता कंत्राटावर चौकशीची कामं करायचा. सरकारी गुपितं हाताळणाऱ्यांचा परवाना दर काही वर्षांनी तपासला जातो. तेव्हा असा एखादा माणूस वही घेऊन त्यांच्या शेजाऱ्यांकडे, मित्रांकडे जातो आणि तेच ते प्रश्न विचारतो. माणूस पितो का, कर्जात आहे का, परदेशात कोण आहे. या खेपेला माणूस होता लाइल प्रुएट. 'मला जवळून ओळखणारी व्यक्ती' या रकान्यात लाइलनं स्वतःच कर्टिसचं नाव लिहिलं होतं. फोन करून सांगितलंही होतं, "तुझं नाव टाकलंय रे, नेहमीसारखं. माझ्याबद्दल दोन-चार थापा मार."

थापा कर्टिस मारत नसे. खोटं बोलायची त्याला गरजच पडली नव्हती. मिशिगनमध्ये तो जिल्ह्याचा सरकारी वकील होता, तेव्हा लाइलनं त्याचं नाव सुचवून त्याला वॉशिंग्टनला आणलं. पहिला हिवाळा तो दर रविवारी लाइलकडे जेवला. लाइलची बायको नदीन त्याच्या ताटात न विचारता बटाटे वाढायची. पुढं व्हाइट हाउसशेजारच्या इमारतीत त्यानं बारा वर्षं काढली. काय करायचं ते दुसरे ठरवत. ते कोणत्या शब्दांत लिहिलं म्हणजे कोर्टात उभं राहावं लागणार नाही, ते कर्टिस ठरवी. एकदा दूरच्या एका देशात भलत्याच घरावर बॉम्ब पडला. चौदा माणसं गेली. त्यावरचा खुलासा कर्टिसनं लिहिला, चार ओळींचा. त्यात एकही शब्द खोटा नव्हता. ती चौदा माणसंही त्यात नव्हती.

हेच कसब बघून लष्कराला यंत्रं विकणाऱ्या एका कंपनीनं त्याला उचललं. दारावर पाटी लागली, 'मुख्य धोरणकार'. कंपनीनं ड्रोनसाठी एक यंत्रणा बनवली होती. खाली चाललेल्या माणसाच्या हातात शस्त्र आहे की नाही, ते ती ओळखायची. सरकारच्या बाजूनं तिच्या चाचण्या लाइलकडे होत्या आणि लाइल सही करत नव्हता. "काठी घेतलेला मेंढपाळ तिला बंदूकवाला दिसतो," असं त्यानं दोनदा लेखी कळवलं होतं.

"हा म्हातारा हलत का नाही?" कंपनीची प्रमुख पॉलेट ग्रिअर मागच्याच आठवड्यात बैठकीत म्हणाली होती. "तुझा मित्र ना तो? मग मैत्री काय लोणच्यात घातलीस?"

"थोडं थांबू," कर्टिस म्हणाला होता.

आता तो किंब्रोच्या पेनाकडे बघत म्हणाला, "लाइल पितो. दीड वर्ष झालं. एकटाच, घरी."

"दीड वर्ष म्हणजे... त्यांच्या मिसेस गेल्या तेव्हापासून?"

"हो."

किंब्रोनं पेन खाली ठेवलं. "साहेब, माझी बायको गेली ना, तेव्हा मी चार महिने तिच्या बाजूला झोपलो. पलंगाच्या. माझी बाजू मोकळी ठेवून. लोक म्हणायचे, याचं डोकं फिरलं. हे असलं आम्ही लिहीत नाही. फॉर्मवरच छापलंय, दुःखासाठी औषधपाणी घेतलं असेल तर सांगायची गरज नाही म्हणून. कामावर कधी पिऊन आले?"

"नाही."

"मग सोडा."

विषय तिथंच सोडता आला असता. किंब्रोनं स्वतःच ती वाट मोकळी करून दिली होती. 

"तो एकदा म्हणाला," कर्टिस म्हणाला, "की नदीवरच्या पुलावर आलो की वाटतं, वळायचंच नाही. गाडी सरळ कठड्यावर न्यावी."

खरं होतं. अंत्यविधीनंतरच्या तिसऱ्या रविवारी, भर दुपारी, स्वयंपाकघरात चहाच्या कपातून व्हिस्की पिताना लाइल हेच बोलला होता. मग नाक पुसून म्हणाला होता, "पण तू येतोस ना रविवारचा, म्हणून नेत नाही."

हे दुसरं वाक्य कर्टिसला शब्दन् शब्द आठवत होतं. किंब्रोनं ते विचारलं नव्हतं.

"दुःखात माणूस बोलतो हो," किंब्रो म्हणाला. आवाज जरा खाली आला होता. "हे मी लिहिलं तर त्यांचं अवघड होईल. लिहू?"

"लिहा."

किंब्रोनं लिहिलं. बराच वेळ लिहिलं. मग वर न बघता नियमाचा प्रश्न विचारला, "तुमचं नाव गुप्त ठेवायचं?"

"नको. नाव राहू द्या."

निनावी जबाबाला वजन नसतं, हे कर्टिसला माहीत होतं. किंब्रोनं टोपण लावलं आणि हात न मिळवताच निघून गेला.

जानेवारीत लाइलचा परवाना थांबवला. त्याच्या गळ्यातलं ओळखपत्र काढून घेतलं आणि एकतीस वर्षांच्या नोकरीनंतर दोन रखवालदारांनी त्याला दारापर्यंत पोचवलं. त्याच्या जागी आलेल्या माणसानं तीन आठवड्यांत सही केली. पॉलेटनं केक मागवला. "लोणचं मुरलं बरं का," ती कर्टिसच्या खांद्यावर थाप मारून म्हणाली. सगळे हसले. कर्टिसही हसला आणि त्यानं केकचा दुसरा तुकडा घेतला.

मार्चमध्ये लाइल आला. खालून फोन आला तेव्हा कर्टिसला पाच मिनिटं खाली जाता आलं असतं. पण भेट आपल्या खुर्चीत बसून घ्यावी, हेही त्याला वकिलीनंच शिकवलं होतं. "वर पाठवा," तो म्हणाला.

लाइल कोट-टायमध्ये आला. कोट आता मोठा होत होता. छातीवर पाहुण्यांची कागदी चिठ्ठी चिकटवलेली. सोबत स्वागतकक्षातली मार्लीस होती. परवाना नसलेल्या माणसाला इथं एकटं सोडत नाहीत. ती दाराबाहेर थांबली.

"फाइल मागवली होती मी," लाइल बसत म्हणाला. "वाचली. तू सांगितलंस ते खरंय. मी बोललो होतो तसं."

"लाइल, मला विचारलं गेलं..."

"माहितीय रे. विचारलं तर सांगावंच लागतं. मी भांडायला नाही आलो." त्यानं खिशातून एक कागद काढून उलगडला. "शुक्रवारी माझं अपील आहे. माझा वकील म्हणतो, तू एवढं लिहून दिलंस तर बाजी पलटू शकते. मी पुढं काय म्हणालो होतो, तेवढंच. आठवतंय ना तुला?"

कर्टिसनं कागद वाचला. दोनच ओळी होत्या, खाली सहीची जागा. सहीला एक क्षण लागला असता. पण लाइल परत आला, तर चाचण्या पुन्हा उघडतील, हे त्याला दिसत होतं.

"मला नेमकं आठवत नाही," तो म्हणाला.

पुष्कळ वर्षांत पहिल्यांदा तो खोटं बोलला. आणि त्याला काहीच झालं नाही. 

लाइल त्याच्याकडे बघत राहिला. मग मान हलवली, जणू एखाद्या यंत्राची चाचणी संपली होती. "बरं. नदीनला वाटायचं, तू जरा कमी जेवतोस. म्हणून वाढायची." तो उठला. "कागद ठेव. मत बदललं तर बघ. शुक्रवारपर्यंत."

बाहेर मार्लीस त्याला घेऊन निघाली. आठ-दहा पावलांवर लाइल थांबला.

"पोरी, दिवा नाही लावलास."

परवाना नसलेला माणूस मजल्यावर असला की छतावरचा लाल दिवा लावायचा, म्हणजे सगळे आपापली कामं झाकतात. येतानाही मार्लीसनं तो लावला नव्हता.

"राहू द्या ना, मिस्टर प्रुएट," ती हळूच म्हणाली. "तुम्हाला कोण ओळखत नाही इथं?"

"म्हणूनच लाव. उद्या तुझ्यावर येईल. मी थांबतो."

तिनं बटण दाबलं. लाल उजेड भिंतींवरून फिरू लागला. एकेका टेबलावरचा संगणकाचा पडदा काळा झाला. लोक हात मांडीवर घेऊन बसले. सगळं झाकून होईपर्यंत लाइल भिंतीकडे तोंड करून उभा राहिला, मग टाय नीट करून चालू लागला.

कर्टिस दारात उभा होता. उजेड त्याच्यावरून गेला, तेव्हा सवयीनं त्यानं हातातला कागद उलटा करून छातीशी धरला.