सातशे चोवीस पॉइंट पाच

"मावशी, कंबर कशाने दुखते तेवढं सांगा."

"कंबर हाय म्हणून दुखते! नसती तर दुखली असती काय?" बंदरावरची मासळीवाली भागूबाई म्हणाली, आणि इस्पितळाच्या बाकावरच्या सगळ्या बायका हसल्या.

आत्माराम शिवगणही हसला. हसणार नाही तर काय करणार? आठ दिवस तो हेच ऐकत होता. इस्पितळाच्या रेकॉर्डच्या खोलीतला हा कारकून. डॉक्टरांनी कागदावर आजार लिहिला की जाड्या पुस्तकात तो शोधायचा आणि त्याचा आकडा समासात टाकायचा, हे त्याचं काम. हिवतापाला आकडा, साप चावला त्याला आकडा. ज्या कंबरदुखीचं कारण लिहिलेलं नाही तिला सातशे चोवीस पॉइंट पाच. हा आकडा तो झोपेतही सांगेल, इतका त्याच्या हाताखालून गेला होता. शेवटी पुण्याच्या आरोग्य कचेरीतून पत्र आलं, की आपल्याकडून कारण नसलेल्या कंबरदुख्या फार येतात, चौकशी करून कारण नोंदवावे. डॉक्टरांनी ते पत्र आत्मारामच्या टेबलावर सरकवलं. तेव्हापासून स्वारी रोज सकाळी बाकापाशी उभी.

पण माणूस सुखी हो! "डॉक्टर रोग बरा करतो, पण रोगाला पत्ता मी देतो," असं तो ऐटीत सांगायचा. दुसरी ऐट घराची. गावाबाहेर पाखाडीच्या दगडी पायऱ्या चढून वर त्याचं जांभ्या चिऱ्याचं कौलारू घर होतं. पाहुण्याने चहाचा कप खाली ठेवायच्या आत हा म्हणायचा, "बाहत्तर साली बांधलं मी. एकट्याने." बायको येसू तेव्हा आत कप विसळत असायची.

त्या दुपारी डबा खाऊन त्याने कागदांचा गठ्ठा पुढे ओढला. सातवा कागद उचलला आणि हात तसाच राहिला.

हौसा भागोजी माटल. वय चाळीस. तालुका लांजा. कंबरदुखी, बारा वर्षे. दहा दिवस शेक द्यावा. शेकाच्या रकान्यात एकच सही, गेल्या सोमवारची. पुढे कोरं.

भागोजी माटल म्हणजे त्याचे सासरे. आणि हौसा म्हणजे येसू! लग्नात सासरचं नाव येसू ठेवलं आणि माहेरचं हौसा मागे राहिलं, बावीस वर्षं झाली. आता बोला! नवरा कागदांवर बसलेला, म्हणून बाई माहेरचं नाव सांगून शेकून गेली. आणि दुसऱ्या दिवशी धाडस झालं नाही म्हणून फिरकलीच नाही. आत्मारामला आधी हसू आलं. मग 'बारा वर्षे' पुन्हा वाचलं, आणि हसू कुठल्या कुठे गेलं. जगाला कंबरेचं कारण विचारत फिरतोय मी, आणि माझ्याच घरात! त्याला स्वतःची लाज वाटली. समासात आकडा न टाकताच त्याने कागद बाजूला ठेवला.

संध्याकाळी तो घरी आला तेव्हा येसू अंगणात आमसुलं पालथी करत होती. एक हात गुडघ्यावर रेटून ती पुढे सरकत होती. ती अशी सरकते हे त्याने रोज पाहिलं होतं. आज नजरेत भरलं.

तो पायरीवर बसला. "आज कागदात लांज्याची एक बाई सापडली."

"बरं."

"कंबर दुखते तिची. बारा वर्षं. कारण लिहिलेलं नाय. पुण्याला कळवायचंय."

"मग तिलाच विचारा की."

"विचारतोय."

येसूचे हात थांबले. "तुमी ते नाव इसरला असाल असं वाटलं मला," ती म्हणाली.

"इसरेन कसा गो?" आत्माराम म्हणाला, "दहा दिवस शेक सांगितलाय. एकदाच गेलीस. अंगावर काढून आंथरुण धरशील, तेव्हा काय? कारण सांग. कशाने?"

"जाऊ दे हो."

"हौसा, सांग."

बारा वर्षांचं झाकण त्या नावाने निघालं. "चिरे," ती म्हणाली. "ट्रक खालीच थांबायचा, पाखाडीच्या पायथ्याशी. गडी दोन दिस आले नि गेले ते गेलेच. पाऊस तोंडावर, भिंती उभ्या राहायला नकोत काय? तुमी हापिसात. मग मीच आणले डोक्यावरनं."

"किती?"

"कोण मोजतंय! जोतं सोडून सगळे. एकदा वरच्या पायरीवर पाय सरकला. चिरा नाय पडू दिला, पण कंबर गेली."

"आणि मला वाटलं, गड्यांनी आणले. सांगायचं नाय?"

"येईल त्याला घर दाखवत होतात. एवढं खूश मी तुमाला कधी बघितलं नव्हतं. त्यात माझी कंबर कुठं काढू?"

आत्मारामने मागे हात नेऊन भिंतीला लावला. गार, खरबरीत चिरा. तो उठला, आमसुलांचं सूप तिच्या हातातून घेतलं आणि आत नेऊन ठेवलं.

सकाळी तो म्हणाला, "चल."

"कुठं?"

"शेकायला. नऊ दिवस राहिलेत."

"लोक काय म्हणतील? शिवगणांची बायको खोट्या नावाने येते!"

"खोटं कुठं आहे ते? पदर घे, चल."

केसपेपरच्या खिडकीपाशी नेहमीची रांग होती. आत बसलेल्या बाळ कारकुनाने मान वर न करताच विचारलं, "नाव?"

"हौसा भागोजी माटल. जुनाच पेपर आहे, माझ्या टेबलावर. नुसता नंबर दे."

बाळाने मान वर केली. "शिवगण, ह्या कोण?"

"माझी बायको," आत्माराम म्हणाला. आणि मग, सगळ्या रांगेला ऐकू जाईल असं, "आमचं घर हिने बांधलंय. एकेक चिरा डोक्यावरून वर नेलान."

येसूने पदर तोंडावर ओढला. रांगेतून भागूबाई ओरडली, "मग कंबर दुखंल नायतर काय! लिव, लिव ते!"

खोलीत जाऊन आत्मारामने पहिल्यांदा तोच कागद घेतला. पुस्तकाची पानं मागेपुढे चाळली. घर बांधण्याला आकडा नव्हता. समासात त्याने सातशे चोवीस पॉइंट पाच टाकला, आणि शेजारी ठळक अक्षरात लिहिलं : घराचे चिरे वाहून. पुण्याला काय समजायचं ते समजू दे.

अकराच्या सुमारास एक फाइल उगाच काखेत मारून तो शेकाच्या खोलीवरून गेला. दार अर्धं उघडं होतं. तांबड्या दिव्याखाली येसू पालथी, गाल हातावर, गाढ झोपलेली. रात्री ती त्याच्यानंतर आडवी व्हायची आणि पहाटे त्याच्या आधी उठायची. तिचा झोपलेला चेहरा बावीस वर्षांत त्याने पाहिलाच नव्हता.

"वेळ झाली. उठवू त्यांना?" आतल्या सिस्टरने विचारलं.

"राहू द्या थोडं," आत्माराम हळूच म्हणाला, आणि फाइल घेऊन दारातच उभा राहिला.