भुंडे हात

श्रेयाला शाळेतून विशेषणं मिळाली होती. प्रत्येकाचा अर्थ लिहायचा आणि वाक्यात उपयोग करायचा. 'टवटवीत', 'खडतर' वगैरे तिनं उरकून टाकली आणि 'भुंडा'पाशी येऊन अडली. बाप सुदर्शन मोबाइलमध्ये बुडालेला, आई तनुजा पोळ्यांच्या मागे लागलेली. राहता राहिली आजी. चतुराबाई कन्नडजवळच्या गावाहून चार दिवसांसाठी आल्या होत्या आणि गॅलरीत लसूण सोलत बसल्या होत्या.

"शिंगं नसलेली म्हैस भुंडी," चतुराबाईंनी सांगितलं. "फांद्या छाटलेलं झाड भुंडं."

"अजून?"

"आन बाईच्या हातात बांगड्या नसल्या, तर हात भुंडे."

श्रेयानं तेही लिहायला घेतलं, तशी आजीनं लसणाच्या हातानंच तिची पेन्सिल धरली. "ते नको लिहू. पयली दोन लिही."

"का गं?"

"भुंडी म्हैस चालती, दूधबी देती. भुंड्या झाडाला पुन्हा पालवी फुटती. भुंड्या हाताला काय फुटत नाय."

आत स्वयंपाकघरात तनुजानं मुद्दामच लाटणं जरा जोरात फिरवलं. मनगटावरच्या हिरव्या बांगड्या किणकिणल्या. आजीच्या कानावर तेवढं पडलं की पुढची चौकशी टळायची, हा तिचा अनुभव होता.

त्या बांगड्यांचं एक गुपित होतं आणि चतुराबाई सोडून घरात सगळ्यांना ते ठाऊक होतं. तनुजा वाळूजला औषधांच्या कंपनीत पॅकिंगला होती. तिथं आत जाताना बांगड्या नाहीत, मंगळसूत्र नाही, कपाळावर टिकलीसुद्धा नाही. दारावर मोठी पाटी, 'हात रिकामे ठेवा'. त्या रिकाम्या हातांना दिवसभर श्वास घ्यायला फुरसत मिळायची नाही, तो भाग वेगळा. मंगळसूत्र ती सुटीच्या वेळी लॉकरमधून काढून घालायची, पण बांगड्या रोज कोण चढवतं आणि उतरवतं? त्या फ्रिजवरच्या डब्यात पडून असायच्या. "आई गाडीत बसली," असा सुदर्शनचा फोन आला की डबा उघडायचा. गाडी वेरूळ मागे टाकीपर्यंत तनुजाचे हात भरलेले असायचे.

ही लपवाछपवी उगाच नव्हती. लग्नानंतर पहिल्याच वर्षी ती शिफ्ट संपवून तशीच गावी गेली होती. चतुराबाईंनी तिला उंबऱ्याबाहेरच उभं केलं. "भुंड्या हातानं आत यायचं नाय," म्हणाल्या, आणि गल्लीतल्या कासारणीला बोलावून अख्ख्या आळीसमोर डझनभर बांगड्या भरल्या. वर भाषाही सुधारली. तनुजा बोलून गेली होती की कामावर बांगड्या काढून ठेवल्या होत्या. "काढल्या म्हनत नसत्यात. फुटल्याबी म्हनत नसत्यात. वाढवल्या म्हनावं." नव्या सुनेला एवढं सांगायला आळी कशाला गोळा करायची, हे मात्र त्यांना कुणी विचारलं नाही. त्या दिवसापासून तनुजानं कंपनीचा नियम त्यांच्या कानावर घातला नाही. सुदर्शनही म्हणाला, "जाऊ दे. तिला नाही कळायचं."

चतुराबाईंचे स्वतःचे हात उघडेच होते. सुदर्शन शाळेत असताना त्याचे वडील काकासाहेब ट्रॅक्टरखाली गेले, तेव्हापासून. आता गावातल्या बायका नवऱ्यामागंही बांगड्या घालतात, कुणी हटकत नाही. पण चतुराबाईंनी पुन्हा घातल्या नाहीत. मात्र सुनेसाठी दर खेपेला बाजारातून हिरव्या बांगड्या आणायच्या, वर्तमानपत्रात गुंडाळून, पिशवीत अगदी वर ठेवून. तनुजाला त्याचा राग यायचा. आपल्या हातात नाहीत म्हणून सुनेच्या हातावर डोळा, असं तिच्या मनात यायचं. तोंडावर ती बोलली नाही एवढंच.

चतुराबाई गावी परतल्या आणि थोड्याच दिवसांत सुदर्शनची मोटारसायकल नगर नाक्याजवळ घसरली. पाय मोडला, डोक्याला मार बसला, आणि शुद्ध गेली. त्याचा मित्र आकाश त्याला जालना रोडवरच्या एका दवाखान्यात घेऊन गेला. तनुजाला लाइनवरून सुपरवायझरनं बोलावलं. तिनं अंगावरचा गाऊन फेकला आणि कंपनीच्या गाडीत बसली. लॉकर, मंगळसूत्र, पर्स, सगळं तिथंच राहिलं.

आकाशनं गावी फोन केला. पोरगा समजूतदार, म्हातारीला धक्का नको म्हणून जपून बोलला, "मावशी, सुदर्शनला जरा लागलंय. तुम्ही या."

दुपारपर्यंत सुदर्शननं डोळे उघडले. डॉक्टर म्हणाले, धोका टळला, पायाचं ऑपरेशन उद्या करू, तोवर आयसीयूत राहू द्या. तनुजानं भिंतीला टेकून मोठ्यानं रडून घेतलं. मग आकाशच्या मोबाइलवरून सासूला दोनदा फोन लावला. पण फोन पिशवीत, पिशवी मांडीवर, आणि गाडीचा खडखडाट. चतुराबाईंना काही ऐकू गेलं नाही.

त्या आल्या तेव्हा तनुजा बाकावर एकटीच होती. आकाश औषधं आणायला गेला होता. लांबलचक पॅसेजच्या टोकाला नऊवारीतली ती ओळखीची चाल दिसली आणि तनुजाचं लक्ष पहिल्यांदा कुठं गेलं असेल, तर स्वतःच्या हातांकडे. नवरा आत पाय मोडून पडलेला आणि हिला बांगड्यांची पडलेली! पण माणसाचं असंच असतं. मोठं संकट जरा हटलं की लहान संकट पाय पसरून बसतं. आता इथं सगळ्यांसमोर उंबऱ्यावरचा तमाशा पुन्हा होणार, या धास्तीनं तिनं दोन्ही हात ओढणीत गुंडाळून घेतले.

चतुराबाई समोर येऊन थांबल्या. त्यांनी सुनेच्या रडून सुजलेल्या डोळ्यांकडे पाहिलं. मग कपाळाकडे. मग गळ्याकडे.

"हात दाव," त्या म्हणाल्या.

तनुजानं ओढणी आणखी आवळली. "आत्या, बसा तर खरं आधी."

"हात दाव म्हनते ना."

आता लपवण्यात अर्थ नव्हता. तिनं हात पुढं केले. आणि निदान शब्द तरी सासूच्या पसंतीचा असावा म्हणून फार जपून, मान खाली घालून म्हणाली, "वाढवल्या, आत्या."

चतुराबाई बाकावर बसल्या नाहीत, खाली फरशीवरच बसल्या. रडल्या नाहीत. पिशवी उराशी धरून त्या सुनेच्या मनगटांकडे बघत राहिल्या. तनुजाला वाटलं, आता सुरू होईल. पण आवाज आला तो अगदी बारीक.

"कुनी वाढवल्या?"

"मीच. दुसरं कोण येणार होतं?"

"सोताच्या हातानं?"

"नियमच आहे ना आत्या तसा. सगळ्याच बायकांना वाढवाव्या लागतात. मी तुम्हाला कधी सांगितलं नाही, तुम्हाला त्रास होईल म्हणून."

"मला काय सांगायचा ऱ्हायला नियम?" चतुराबाई म्हणाल्या. "मला माहीत नाय व्हय? मलाबी तेच सांगितलं. नियम हाय म्हनं. थोरल्या जावेनं धरून दगडावर हात आपटले माझे. सुदर्शन दारात हुभा व्हता, बघत. काच रुतली ती रुतली."

तनुजाला नीट उमगेना. ही जुनी गोष्ट आत्ता इथं कशी निघाली? सासूनं हे आजवर कधी तोंडातून काढलं नव्हतं. तेवढ्यात चतुराबाईंनी पिशवी उघडली. वरच ती वर्तमानपत्राची पुडी होती. मागच्या बाजारातली, पुढच्या खेपेसाठी घेऊन ठेवलेली. त्यांनी पुडी फाडली, सुनेचा डावा हात ओढला आणि अंगठा आत दाबून पहिली बांगडी चढवायला लागल्या.

"आत्या, इथं नको. मला पुन्हा वाढवाव्या लागतील."

"कोन वाढवायला लावतंय बघतेच मी. हात सैल सोड." दुसरी चढली, तिसरी चढली. चतुराबाईंची पकड कासारणीची होती. "लोक बोलतील. बोलू दे. भावकी येईल, तिलाबी मी बगून घेईन. माझ्या वेळंला मी गप बसले, तुझ्या वेळंला नाय बसायची. माझं लेकरू गेलं ते गेलं, पर तुझे हात मी भुंडे ठेवनार नाय. ऐकलं का? उंबऱ्यावर तुला लई बोलले मी. मला ते हात बघवत नाय गं, म्हून बोलले."

तनुजाचा हात त्यांच्या हातात तसाच राहिला.

"कोण गेलं?" तिनं विचारलं. आणि विचारता विचारताच तिला उमगलं. कपाळ, गळा, हात, आणि वर आपला तो जपून निवडलेला शब्द! "अहो आत्या! ते आहेत! आत आहेत, शुद्धीवर आहेत! पाय मोडलाय फक्त. मघापासून चहा मागून मागून सिस्टरचं डोकं खाल्लंय त्यांनी!"

चतुराबाईंनी तिच्याकडे बघितलं. मग मागच्या काचेच्या दाराकडे बघितलं.

"मग या बांगड्या?"

"कंपनीत चालत नाहीत. रोजच नसतात माझ्या हातात. तुम्ही यायच्या वेळी घालते."

हे कबूल करायला याहून वाईट वेळ सापडली नसती, किंवा याहून चांगलीही. चतुराबाईंनी सुनेच्या पाठीत एक सणसणीत धपाटा घातला. "मेले, आधी सांगायचं नाय व्हय!" आणि मग मात्र त्यांनी जो गळा काढला, तो पॅसेजभर घुमला. औषधं घेऊन येणारा आकाश तो ऐकून जागीच थिजला आणि त्यानंही भलताच अर्थ काढला. त्याला समजावण्यात आणखी थोडा वेळ गेला.

"त्याच्या बापाच्या वेळंलाबी असंच कळवलं व्हतं," चतुराबाई डोळे पुसत त्याला म्हणाल्या. "जरा लागलंय. इथून पुढं कुनाला असं सांगू नको, बाबा. पाय मोडला तर पाय मोडला म्हनावं."

तेवढ्यात आयसीयूचं दार उघडून मोनिका सिस्टर बाहेर आली. "सुदर्शनचे कौन है? एकेकानं या. चपला बाहेर. और हात मोकळे पाहिजेत, बांगड्या, घड्याळ काही चालणार नाही." तिनं चतुराबाईंचे हात बघितले. "मावशी, तुमचे मोकळेच आहेत. चला तुम्ही."

चतुराबाईंनी आपल्या हातांकडे असं पाहिलं, जणू दुसऱ्या कुणाबद्दल बोलणं चाललंय. मोकळे. हा शब्द त्या हातांना आजवर कुणी लावला नव्हता. मग त्या आत गेल्या. काचेतून तनुजाला दिसलं, त्या लेकाच्या उशाशी उभ्या राहिल्या, त्याच्या तोंडावरून हात फिरवला, मग चादर बाजूला सारून त्याच्या पायाची बोटं एकेक करून चाचपली. सुदर्शन काहीतरी म्हणाला. बहुतेक चहाचंच.

बाहेर आल्यावर त्या तनुजाला म्हणाल्या, "जा. तू बस त्याच्यापाशी."

तनुजानं बांगड्या उतरवल्या आणि सासूच्या ओंजळीत दिल्या. पुडीचा कागद केव्हाच फाटून पडला होता.

आत ती थोडाच वेळ थांबली. सुदर्शननं विचारलं, "आई एवढं का रडत होती गं?" तिनं सांगितलं, नंतर सांगीन. मग ती परत यायला वळली आणि काचेच्या दारापाशी थबकली.

चतुराबाई आता बाकावर बसल्या होत्या. हिरव्या बांगड्या त्यांच्या मनगटावर होत्या. सुनेच्या मापाच्या, वाळलेल्या हातांना ढगळ, कोपरापर्यंत घसरणाऱ्या. त्या हात जरासा वर करायच्या, बांगड्या खाली उतरायच्या, मग हात खाली करायच्या. आवाज ऐकत होत्या.

दार वाजलं तशा त्या दचकल्या आणि पदराखाली हात घेतले.

"पिशवीत फुटल्या असत्या," त्या घाईघाईनं म्हणाल्या. "म्हून घातल्या."

फुटल्या, म्हणाल्या. तनुजानं शब्द सुधारला नाही. ती त्यांच्या शेजारी बसली आणि आपले दोन्ही मोकळे हात मांडीवर ठेवले.

"राहू द्या तुमच्याकडंच, आत्या," ती म्हणाली. "मला आता सारखं आतबाहेर करायचंय."