फायनलच्या आधीची सुट्टी

रत्नागिरीकडच्या एकाच कॉलेजातून निघून मस्कतला पोटापाण्याला लागलेल्यांची ती फुटबॉल टीम. नावही कॉलेजचंच. शिकताना ज्यांनी वर्गाचं तोंड पाहिलं नाही, त्यांनाच इथे कॉलेजचा भारी पुळका आला होता. हिवाळ्यात दर शुक्रवारी गाला नावाच्या कारखान्यांच्या वस्तीमागे खडकाळ मैदानात चुन्याच्या रेघा मारून सामने व्हायचे. मोसमाच्या सुरुवातीला नारळ फुटायचा, फातिहाही पढली जायची, आणि मग सगळे मिळून रेफरीच्या नावाने शिमगा करायचे.

उत्तम त्यांचा कॅप्टन. गालातल्या गॅरेजात गिअरबॉक्स खोलायचा. चाळिशीला टेकला तरी हट्ट सुटत नव्हता. टीम कधी फायनलला पोचली नव्हती, ती २०१४ साली पोचली. हा एक सामना खेळायचा आणि बूट खुंटीला टांगायचे, एवढंच त्याचं मागणं होतं. बचावात त्याच्या जोडीला बाबामियाँ. गाव एक, गॅरेज एक, खोलीही एक. उत्तमचा त्याच्यावर स्वतःपेक्षा जास्त भरवसा होता.

फायनलच्या आठवड्यात अर्बाबने, म्हणजे गॅरेजच्या ओमानी मालकाने, उत्तमच्या हातात गुरुवारचं तिकीट ठेवलं. गॅरेजात गावच्या सुट्ट्या पाळीने मिळायच्या, आणि आताची पाळी बाबामियाँची होती. एरवी नाक घासूनही न मिळणारी सुट्टी अशी आयती चालून आलेली पाहून उत्तम चक्रावला. शनिवारी निघतो म्हणाला, तसा अर्बाब उखडला.

"अम्मा बीमार, और तुम बॉल बोलता? यल्ला, घर जाओ."

उत्तमने तिथूनच गावी फोन लावला. आई, रखमाबाई, ठणठणीत होती. आजार कसला? बाबामियाँने फोन करून उत्तम येतोय म्हणून कळवल्यापासून ती सगळ्या वाडीत सांगत सुटली होती. पोराचं तोंड पाहून तिला तीन वर्षं झाली होती. तो आल्यावर काय काय रांधायचं, हेही तिने ठरवून टाकलं होतं.

खोलीवर बाबामियाँने आधी थोड्या थापा मारल्या. मग खाली मान घालून सगळं ओकला. रुवीत प्रतापच्या ऑफिसात बैठक झाली होती. प्रताप टीमचा मॅनेजर. त्याच्या डोक्यात एकच, उत्तमच्या जागी निझवा शहरात नव्याने कामाला आलेला कॉलेजचा तरणा पोरगा खेळवायचा. पण कॅप्टनला बाहेर कोण बसवणार? तेव्हा सुट्टीची युक्ती बाबामियाँनेच काढली. आपली पाळी सोडली, आणि अर्बाबला पाझर फुटावा म्हणून आईचं आजारपण जोडलं.

"तुझे पाय गेले रे उत्तम," तो म्हणाला. "तोंडावर सांगायला जीभ रेटेना. माझी पाळी दिली ना तुला?"

शहाण्याला वर उपकार केल्यासारखंही वाटत होतं!

"बाहेर बस म्हणाला असतास तर बसलो असतो," उत्तम म्हणाला. "पोरांना पाणी दिलं असतं. तू माझी आई आजारी पाडलीस."

तिकीट अर्बाबच्या टेबलावर फेकावं असं त्याला शंभरदा वाटलं. पण आई आता वाट बघत होती. गुरुवारी बाबामियाँ गाडी घेऊन सोडायला आला, तर उत्तमने त्याच्यासमोर टॅक्सीला हात केला.

शुक्रवारी टीम जिंकली. उत्तम फोन उचलत नाही म्हणून बाबामियाँने रखमाबाईलाच फोन करून सांगितलं. दोघं बराच वेळ बोलली. फोन ठेवून ती चुलीपाशी आली आणि उत्तमच्या ताटात आणखी एक भाकरी वाढली.

"बाबामियाँ लय गुनाचा हाय," ती म्हणाली. "तुला सुट्टी मिळावी म्हनून आपली पाळी सोडली म्हने त्यानं. असा दोस्त जप बाबा."

तिला खरं काय ते सांगायचं, तर आपल्याला यायचंच नव्हतं हेही सांगावं लागलं असतं. उत्तमने भाकरीचा तुकडा मोडला.

"हो आये," तो म्हणाला, "जपतो."