पांगाऱ्याची काठी

नाथाजीच्या भावकीत मेलेल्या माणसाची राख नदीला सोडत नसत. शेतात खड्डा घेऊन त्यात घालायची आणि वर झाड लावायचं, अशी रीत. विट्याकडची पोरं सोनं गाळायला मुलूखभर पांगतात, तसा त्याचा एकुलता एक कृष्णात कानपूरला गेला होता. तिथंच तापानं गेला. सोबत्यानं गाडग्यातून राख तेवढी आणून दिली. बहात्तर सालच्या आषाढात नाथाजीनं ती बांधाकडेला पुरली आणि वर आंब्याचं रोप लावलं. वाऱ्यानं मोडू नये म्हणून शेजारी पांगाऱ्याची ओली काठी रोवली, कृष्णातच्या जुन्या सदऱ्याची चिंधी फाडून रोप तिला बांधलं.

त्या साली पावसानं तोंड काळं केलं. चंद्राबाईला, त्याच्या बायकोला, मोतीबिंदूमुळं उजेड-अंधारापलीकडं काही दिसत नव्हतं. तरी बाई बांधाला पाय घासत रोज एक कळशी पाणी घालायची. गौरी-गणपतीपर्यंत आंबा वाळून काटकी झाला. फुटला तो पांगारा! देवाला थट्टा करायला दुसरं घर मिळालं नाही.

एक दिवस चंद्राबाईच्या हाताला कोवळं पान लागलं.

"आवं, पालवी फुटली व्हय ह्याला?"

"व्हय," नाथाजी कसाबसा म्हणाला. "लय जोमात हाय."

त्या दिवशी ती चार घास जास्त जेवली. मग त्याला ते खोटं सोडवेना.

दिवाळीनंतर सांगलीला डोळ्यांचं शिबिर लागल्याची दवंडी आली. नजर आली की ती आधी बांधावर जाणार. आज-उद्या करत नाथाजीनं शिबिराचा शेवटचा दिवस आणला. पण आपलं खोटं जपायला बायकोला आंधळी ठेवायचं, हे काही त्याला गिळवेना. सकाळी तो तिला फाट्यावर घेऊन गेला. रडली तर रडू दे, मी हाय, असं मनाला बजावत.

एस.टी. आली. चंद्राबाई जागची हलली नाही.

"चल की गं, गाडी थांबायची न्हाई."

"मी न्हाई यायची."

"भ्या वाटतंय व्हय?"

"दिसाय लागलं तर वाळल्याला आंबा बगाय लागंल," ती म्हणाली.

जन्म रानात गेलेल्या बाईला आंब्याचं पान कुठलं नि पांगाऱ्याचं कुठलं हे हाताला कळणार नाही, असं त्याला वाटलंच कसं? आंधळ्याला फसवणं सोपं, असं डोळसांनाच वाटतं.

"पयल्या दिसापास्नं ठावं हाय मला. पर हाताला गप बस म्हनता येतंय. डोळ्यास्नी कसं सांगू? मेला तवा पोराचं तोंड बगितलं न्हाई मी. आता वाळल्याला बगाय लावू नगासा."

एस.टी. धूळ उडवून गेली. दोघं तशीच बांधावर आली. चिंधी पांगाऱ्याच्या वाढत्या सालीत रुतली होती. सैल करावी म्हणून नाथाजीनं गाठ सोडली, तर वाळला आंबा त्याच्या हातावर कलंडला.

"वारं सुटलंय," कळशी ओतता ओतता चंद्राबाई म्हणाली. "नीट बांधा. पडंल पोरगं."

नाथाजीनं आंबा पुन्हा पांगाऱ्याला बांधला.