शिकाऊ बाई, वय एकसष्ट

आमच्या आयर्लंडात सोळाव्या वर्षी ट्रॅक्टर चालवता येतो आणि सतराव्या वर्षी मोटार. मी एकसष्टाव्या वर्षी शिकाऊ परवाना काढायला गेले तेव्हा खिडकीमागची पोरगी म्हणाली, "आजी, नातवासाठी आलात का?"

मी म्हटलं, "नातू अजून दुपट्यात आहे. फोटो माझाच आहे, नीट बघ."

माझ्या नवऱ्याच्या, मॅलाकीच्या, मागे असली कटकट कधी लागली नाही. एकोणऐंशी साली परीक्षेची रांग इतकी लांबली की सरकारने कंटाळून कच्च्या परवान्यावरच्या लोकांना परीक्षा न घेताच पक्के परवाने वाटून टाकले. त्यात हा. गाडी मागे घेऊन दाखव असं याला जन्मात कुणी म्हटलं नाही, म्हणून हा ते कधी शिकलाच नाही. रविवारी चर्चपुढून सगळ्यांच्या गाड्या हलल्या की मग आमची निघायची. आणि हाच माणूस चाळीस वर्षं बायकांच्या ड्रायव्हिंगवर प्रवचनं झोडत आला.

मग त्याचे डोळे अधू झाले. डॉक्टरीणबाईंनी तोंडावर सांगितलं, यापुढे स्टिअरिंगला हात लावायचा नाही. आमच्या गावाला बस फक्त गुरुवारी, तीही ड्रायव्हरला आठवण झाली तर. दुकान लांब, दवाखाना त्याहून लांब. आमचा डेक्लन डब्लिनहून फोनवर म्हणाला, "आई, आता इकडेच या. तुमच्यासाठी एका खोलीचा फ्लॅट बघितलाय. बाल्कनी आहे."

बाल्कनी! माझ्या दारात अख्खा डोंगर उभा आहे आणि हा मला बाल्कनी दाखवतो.

"मी परीक्षा देते," मी म्हटलं.

तो हसला. पोटच्या पोराचं हसणं इतकं झोंबतं हे मला माहीत नव्हतं. म्हणाला, "पास झालीस तर राहा तिथेच. नापास झालीस तर त्याच रविवारी गाडी घेऊन येतो, सामान बांधून ठेव." पुन्हा तारीख मिळायला अर्धं वर्ष जातं हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

कायदा म्हणतो, शिकाऊ माणसाने एकट्याने चालवायचं नाही, शेजारी पक्का परवानावाला हवा. आमच्या घरात पक्का परवाना एकाच खिशात होता. समोरून मेंढी येतेय की फादर येतायत हे मॅलाकीला कळत नव्हतं, पण कायद्याच्या लेखी तो माझ्यावर देखरेख करत होता.

त्यात भानगड बोटाची. आमच्याकडे समोरून गाडी आली की स्टिअरिंगवरचं एक बोट उचलतात. तोच आमचा नमस्कार; ओळख असो नसो, बोट उचलायचं. शिकवणारा फिंटन म्हणाला, "काकू, बोट उचललं की पकड सुटली. परीक्षेत चालायचं नाही." मी बोट आवरलं आणि आठवड्यात गावभर झालं की अट्रॅक्टाचं, म्हणजे माझं, डोकं फिरलं. शेजारच्या डिम्प्नाने दुकानात सगळ्यांदेखत गाठलं.

"काय गं, आमच्याशी बोलणं टाकलंस? का डब्लिनची हवा इथूनच लागली?"

"अगं, परीक्षेसाठी."

"बोट उचलायला परीक्षा लागते होय!"

यावर मॅलाकीने तोड काढली. शेजारी बसून आम्हा दोघांच्या वतीने तोच बोट उचलायला लागला. दिसत तर काही नव्हतं, म्हणून सगळ्यालाच. टपालपेटीला, फाटकाला, रुआनच्या बैलाला. बैलाने मान हलवली असं तो आजही शपथेवर सांगतो.

परीक्षेच्या दिवशीच त्या बैलाच्या मालकाची, म्हाताऱ्या पॅकी रुआनची, अंत्ययात्रा. दफन तालुक्याच्या गावी आणि परीक्षाही तिथेच. पॅकीने जिवंतपणी कधी कुणाची सोय पाहिली नाही, मेल्यावर कशाला पाहील? मॅलाकीला तिथल्या चर्चच्या दारात डिम्प्नाच्या हवाली केलं आणि फिंटनला शेजारी बसवून मी केंद्रावर गेले.

परीक्षक गॉर्मली नावाचा, पोरसवदा, कडक कॉलरचा. "डावीकडे वळा," "उजवीकडे वळा," यापलीकडे शब्द नाही. अर्धी परीक्षा छान गेली. मग पुलाजवळ समोरून शववाहिका आली, मागे अख्खं गाव पायी. प्रेतयात्रा दिसली की आम्ही थांबतो. मी गाडी कडेला घेतली, इंजिन बंद केलं, छातीवर क्रूस काढला. गॉर्मलीने घड्याळ पाहिलं, पण मग त्यानेही काढला. कुणाच्या तरी पोटचा होता शेवटी.

लोक जाता जाता मान हलवत होते. मी दोन्ही हात स्टिअरिंगवर गच्च धरून हनुवटी हलवत होते. तेवढ्यात मागचं दार उघडलं, गाडी एका बाजूला कलली आणि मॅलाकी आत येऊन बसला.

"डिम्प्ना म्हणाली, आपलीच गाडी. बरी आलीस न्यायला! पायाचे तुकडे पडले. चल, थडग्यापाशी सोड."

गॉर्मली वळला. "बाई, हे ओळखीचे आहेत का?"

"नवरा आहे. ओळख झाली नाही अजून पुरती."

"हा कोण पुढे?" मॅलाकी म्हणाला. "पॅकीचा अमेरिकेतला भाचा का? वाईट झालं हो."

"साहेब, परीक्षा चालू आहे. खाली उतरा. नाहीतर मला परीक्षा रद्द करावी लागेल."

"पोरा, एकोणऐंशीपासून गाडी चालवतोय मी. मला परीक्षा शिकवतोस?"

रद्द. म्हणजे रविवार. म्हणजे बाल्कनी. चाळीस वर्षं मी डाव्या सीटवर बसून 'जरा हळू' एवढंच म्हणत आले होते. मी मागे वळले.

"मॅलाकी, उतर."

"अगं पाय..."

"पाय आहेत ना? मग चाल. ज्या परवान्याची फुशारकी मारतोस तो तुला सरकारने भीक म्हणून घातलाय. मी माझा कमावतेय. उतर, नाहीतर पॅकीशेजारी जागा करून घे!"

काच खाली होती. शववाहिकासुद्धा थांबल्यासारखी वाटली. फादरनी आकाशाकडे पाहिलं. मॅलाकी उतरला, डिम्प्नाने त्याचा दंड धरला आणि यात्रा पुढे सरकली.

"पुढे काय करू?" मी गॉर्मलीला विचारलं.

"तुम्हाला... सोयीचं वाटेल तेव्हा निघा," तो म्हणाला.

केंद्रावर त्याने कागद हातात ठेवला. पास. वळणावर आरशात पाहिलं नाही, अशा दोनचार चुका. जाताना हळूच म्हणाला, "मलाही उतरवता की काय, असं वाटलं होतं."

मॅलाकी तीन दिवस डिम्प्नाच्या घरी जाऊन माझी गाऱ्हाणी सांगत बसला. रविवारी डेक्लनचा फोन आला. "आई, मग? सामान बांधलंस?"

मी तोंड उघडायच्या आत मॅलाकीने फोन ओढून घेतला.

"कसलं सामान? तुझ्या आईने मला भर प्रेतयात्रेत, फादरच्या डोळ्यांदेखत गाडीतून खाली उतरवलं. असली बाई एका खोलीत ठेवतोस? बिल्डिंग खाली करून देईल ती."

फोन आपटून तो माझ्याकडे वळला. "दुकानात जायचंय. तंबाखू संपलीय."

"मग?"

"मग काय मग?" तो टोपी शोधत पुटपुटला. "सोडतेस का, विचारतोय."